पर्वरीच्या कोर्टातलं मरण

पेडण्याच्या बाजारात त्या दिवसांत एकच गोष्ट फिरत होती. शिवदास पर्वरीच्या कोर्टात मेला, आणि ते मरण बघून न्यायाधीशांनी त्याची बदली रोखली.

मेला म्हणजे खराखुरा नव्हे. जत्रेच्या नाटकात मरायचा तसा.

ही गोष्ट सगळ्यांत चांगली ऐकायला मिळायची ती मारुतीच्या सलूनात. मारुती मूळचा चंदगडकडचा, पण पेडण्यात इतकी वर्षं कात्री चालवून तो पेडणेकरांनाच पेडण्याच्या बातम्या द्यायचा. त्याच्या म्हणण्याप्रमाणे सरकारी वकील उभा राहिला आणि म्हणाला, हा मनुष्य ठणठणीत आहे. तेवढ्यात शिवदासने छातीवर हात नेला, अर्धी गिरकी घेतली, डावा गुडघा टेकला, ‘माझ्या मुलखाला सांभाळा’ म्हणाला आणि कोर्टाच्या फरशीवर आडवा झाला. न्यायाधीशांनी चष्मा काढून पुसला. हीच गोष्ट मासळी बाजारात पोचेपर्यंत न्यायाधीशांनी रुमाल काढलेला होता. बसस्टँडवर गेली तेव्हा त्यांनी ‘वन्स मोअर’ दिला होता आणि शिवदास उठून, कपडे झटकून, पुन्हा मेला होता.

कोणी शिवदासला तोंडावर विचारलं तर तो हो म्हणायचा नाही आणि नाहीही म्हणायचा नाही. नुसता हसायचा. त्याची बायको चंद्रावती मात्र सूप हातात घेऊन बाहेर यायची आणि म्हणायची, “लोकांक दुसरां काम नाय.”

लोकांना काम होतं की नव्हतं हा प्रश्न वेगळा. पण त्यांनी विश्वास ठेवला यात त्यांची चूक नव्हती. शिवदासचा मागचा इतिहासच तसा.

शिवदास पेडण्यात एका सरकारी खात्यात कारकून. कुठल्या खात्यात ते सांगण्यात अर्थ नाही. तिथले साहेबलोक हयात आहेत आणि निवृत्तीनंतर त्यांना वाचायचा नाद लागतो. नोकरी ही त्याची पोटापाण्याची गोष्ट. गाव त्याला ओळखायचा तो देवीच्या जत्रेतल्या मराठी नाटकासाठी. त्या काळी नट बाहेरून आणायची पद्धत नव्हती. गावचा पोस्टमन राजा व्हायचा, सोसायटीचा सेक्रेटरी प्रधान, आणि ज्याचं आदल्या वर्षी प्रधानाशी भांडण झालेलं असेल तो शत्रूचा सेनापती. पडदे सावंतवाडीहून भाड्याने यायचे. त्यातला राजवाड्याचा पडदा दरवर्षी थोडा थोडा विरत गेला, शेवटी राजाच्या मागे उभी असलेली चहाची किटली दिसू लागली, पण पडदा बदला असं कोणी म्हटलं नाही.

शिवदास तरुणपणी नाटकात गेला तेव्हा पहिल्या तालमीतच कळून चुकलं की याच्या गळ्यात सूर नाही. म्हणून त्याला पहिल्या अंकात मरणारा सरदार दिला. हेतू असा की हा लवकर मरेल आणि पडदे ओढायला मोकळा होईल.

पण पोरगा असा काही मेला की मांडवात चणे खाणाऱ्यांचे हात थांबले. तलवार लागल्यावर तो लगेच पडला नाही. आधी त्याला आश्चर्य वाटलं. मग त्याने जखमेकडे पाहिलं, जणू ती दुसऱ्या कोणाची होती. मग आभाळाकडे. मग हळूहळू, एकेक सांधा सुटावा तसा, खाली आला. बायकांच्या बाजूला हुंदके सुरू झाले आणि पुरुषांच्या बाजूने कोणीतरी ओरडलं, “वन्स मोअर.”

आता वन्स मोअर गाण्याला असतो हे सगळ्यांना ठाऊक. मरणाला द्यायचा की नाही याचा नियम कोणाला ठाऊक नव्हता. मांडव काही ऐकेना. मेलेल्या शिवदासने एक डोळा उघडून पेटीकडे पाहिलं. पेटीवर उल्हास होता. तो खालच्या आवाजात म्हणाला, “उठ रे. हांव सूर धरतां.” शिवदास उठला, शत्रूच्या हातात तलवार परत दिली आणि नव्याने मेला. पुढच्या वर्षीपासून त्याचं मरण तिसऱ्या अंकात नेलं. पहिल्याच अंकात तो मेला तर लोक उठून खाजं विकत घ्यायला जातील, नाटक बघायला कोणी राहणार नाही.

नाटकांची नावं बदलत गेली. शिवदासचं मरण तेच राहिलं, आणि त्याच्याखालचा उल्हासचा सूरही.

उल्हास डिचोली तालुक्यातल्या आमोण्याचा. पोस्टात नोकरीला म्हणून पेडण्यात आला, बाजाराजवळ खोली घेऊन राहिला. निवृत्त होऊन आमोण्याला परत गेला तरी जत्रेला पेटी मांडीवर घेऊन बसने यायचा. पेटीला वेगळं तिकीट मागणाऱ्या कंडक्टरला तो सांगायचा, हे माझं पोर आहे, अजून चालत नाही. मरणाच्या प्रवेशात तो एकच सूर धरून ठेवायचा. सूर आहे तोवर शिवदासने जिवंत राहायचं, सूर सुटला की मान टाकायची, असा दोघांचा करार. पण उल्हास मुळात खोडकर. कधीकधी तो सूर सोडायचाच नाही. मांडव रडतोय, सेनापती ताटकळलाय आणि शिवदास पाठीवर पडून ओठ न हलवता म्हणतोय, “सोड रे मेल्या, पाठ दुखता.” उल्हास मान खाली घालून भाता हलवत राहायचा, खांदे तेवढे हसण्याने गदगदायचे. लोकांना वाटायचं तोही रडतोय.

चंद्रावतीने नवऱ्याला पहिल्यांदा पाहिलं ते असंच, मरताना. ती शिरगावची. मावशीकडे जत्रेला आली होती. तिसऱ्या अंकात इतकी रडली की मावशीचा पदर भिजला. सकाळी भजी-पाव आणायला गेली तर तोच सरदार कानामागे तोंडाला फासायचा सफेता तसाच ठेवून बाकावर बसलेला आणि पाव चहात बुडवून खात असलेला. तिला हसू फुटलं. मावशीने ते हसू पाहून ठेवलं आणि आठवडाभरात शिरगावला निरोप गेला. तिच्या माहेरचे पुढे कितीतरी वर्षं म्हणायचे, आमच्या चंद्रावतीने मेलेला बघून पसंत केला.

शिवदासच्या आईने मात्र एकदाही ते मरण पाहिलं नाही. तिसरा अंक लागला की ती चपला शोधायला लागायची. “माका घराक दूध तापवचां आसा,” म्हणायची. त्या वेळी कोणतं दूध, हे तिला कोणी विचारलं नाही.

मग एका गणेशचवथीच्या तोंडावर उल्हास गेला. जत्रेला नवा मुलगा आला, विजेवर चालणारी पेटी घेऊन. तालमीत त्याने बोट ठेवलं तर सूर निघाला खरा, पण त्याला श्वास नव्हता. बोट काढेपर्यंत तसाच सरळ. शिवदासने दोनदा पडून बघितलं आणि तो उठून बसला. “ह्या डब्यार माका मरूक येणा नाय,” म्हणाला आणि सफेत्याचा डबा त्याने दुसऱ्याच्या हातात दिला. त्यानंतर तो जत्रेला समोर कदेल, म्हणजे खुर्ची, टाकून बसायचा, चारचौघांसारखा. वयाने माज आलाय, असं लोक म्हणाले.

दोन वर्षांनी पायाला सूज यायला लागली. त्याला वाटलं चपला आखडल्या. जेवण बेचव लागायला लागलं. त्याला वाटलं चंद्रावतीचा हात बदलला, आणि तसं बोलून दाखवण्याची चूक त्याने केली. मग एक दिवस ऑफिसात, साहेबांच्या केबिनकडे फाइल घेऊन जाताना, मधल्या मोकळ्या जागेत तो पडला.

गिरकी नाही, गुडघा नाही, मुलूख नाही. भिंतीवरची खुंटी निखळावी तसा.

 मग मागच्या टेबलावरून सुविधा, त्याची तरुण सहकारी, हसत म्हणाली, “वन्स मोअर.” सगळ्या ऑफिसने टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्यांत खोटेपणा नव्हता. अर्ध्या लोकांनी लहानपणी आईच्या मांडीवर बसून हे मरण पाहिलेलं होतं, त्यांना वाटलं, काका मेहेरबान झाले. शिवदास उठला नाही. टाळ्या एकेक करून गळत गेल्या. शेवटची कोणाची होती ते कोणीच कबूल केलं नाही.

घोटाळा एवढाच झाला की टाळ्या ऐकून साहेब केबिनचं दार उघडून बाहेर आले. त्यांना दिसलं ते असं: फरशीवर कारकून, हातपाय पसरून, आणि भोवती टाळ्या वाजवणारा स्टाफ. साहेब दक्षिण गोव्याकडचे, पेडण्याला नवे. त्यांच्या डोक्यात हे चित्र जे बसलं ते बसलं.

दोन्ही मूत्रपिंडं कामातून गेली होती. म्हापशाच्या इस्पितळात आठवड्यातून तीन दिवस मशीनवर रक्त धुऊन घ्यायचं, एवढाच उपाय. चंद्रावती त्याला सकाळच्या बसने न्यायची, बाहेर बाकावर बसून राहायची आणि दुपारी हाताला धरून आणायची. मशीनवरून उठलेला शिवदास स्वतःच्या पायावर उभा राहू शकायचा नाही. शहाळं बंद, सोलकढी बंद, पाणी मोजकं, आणि मीठ नावापुरतं. एकदा त्याने तिच्या ताटातली आमटी चाखून बघितली, चोरून, तिची तरी खारट असेल म्हणून. तीही अळणी होती. त्याने ताट होतं तिथे ठेवलं आणि त्यानंतर जेवणाबद्दल तोंडातून शब्द काढला नाही.

मशीनवर त्याला एकच गोष्ट आवडायची. ते मंद गुणगुणायचं, एका पट्टीत. पहिल्याच दिवशी त्याने नर्सबाईला सांगितलं, “बाय, ह्यां मशीन उल्हासाची पट्टी धरता.” नर्सबाईला वाटलं त्याला ग्लानी आली. तिने त्याचा रक्तदाब बघितला.

आणि मग बदलीचा हुकूम आला. काणकोणला.

पेडणं गोव्याच्या एका टोकाला आणि काणकोण दुसऱ्या टोकाला. गोव्यातल्या माणसाला याहून लांब पाठवायची सोयच नाही. शिवदास इस्पितळाचे कागद घेऊन साहेबांपुढे उभा राहिला.

“साहेब, आठवड्याक तीन दीस माका म्हापशाक मशीनवर रवचां पडता.”

“काणकोणलाही मशीन आहे. मी चौकशी केलीय.”

“मशीन आसतलां साहेब. पण तां घराक हाडून सोडणा नाय. घराक बायल हाडता.”

“मग त्यांनाही घेऊन जा.”

“घरात आवय आसा. नव्वदीची. ती खाटीवरसून उठणा नाय.”

साहेबांनी पेनचं टोपण लावलं. “शिवदास, एक सांगू? तुमचं काम मी बघितलंय.”

“खंयच्या नाटकात, साहेब?”

“नाटकात कशाला? इथंच. या फरशीवर.”

शिवदासने इस्पितळाचे कागद गोळा केले. आयुष्यभर दुसऱ्याने लिहिलेली वाक्यं बोललेला माणूस तो. घरी आला आणि ओट्यावर बसून म्हणाला की जातो काणकोणला, खोली घेऊन राहतो, बघू काय होतं. जायचं म्हणजे काय होणार हे त्यालाही ठाऊक होतं आणि तिलाही. इस्पितळातून खोलीपर्यंत एकटा, रस्त्यात कुठे पडला तर पुन्हा टाळ्याच.

चंद्रावती कुळीथ पाखडत होती. ती थांबली नाही. “स्टेजवर मेलास तितक्यान झाला नाय तुमचां? आता काणकोणच्या वाटेर आनी मराक जातास?” म्हणाली, आणि फोन घेऊन डिचोलीला लावला.

डिचोलीला तिच्या चुलत बहिणीची मुलगी गौरवी वकिली करायची. सरळ, काटक, बोलायला लागली की समोरच्याने आपोआप पाय जुळवून बसावं अशी. तिने सगळे कागद बघितले आणि सांगितलं, बदली हा सरकारचा अधिकार आहे, कोर्ट त्यात सहसा हात घालत नाही. “पण यांच्याच नियमात लिहिलंय की गंभीर आजार असेल तर तो विचारात घ्यायचा. यांनी घेतलाच नाही. आपण बदली करू नका म्हणायचं नाही, काका. आजार बघा आणि मग ठरवा, एवढंच म्हणायचं.”

“हांव कोर्टात कितां उलवां?”

“काही नाही. इस्पितळाचे कागद बोलतील.”

“म्हणजे माका एक वाक्यय नाय?” शिवदासचा चेहरा पडला.

“नाही. आणि केस संपेपर्यंत स्टेजच्या आसपास दिसायचं नाही. तोंडाला पावडरसुद्धा नाही.”

पर्वरीच्या हायकोर्टात अर्ज दाखल झाला. कोर्टाने खात्याला उत्तर द्यायला सांगून तारीख दिली आणि तोपर्यंत शिवदासला हलवू नये असं म्हटलं. इथपर्यंत सगळं रीतसर. यापुढे गावाचं प्रेम आडवं आलं.

शिवदासचा पुतण्या प्रज्योत, दोन पोरांचा बाप, पण हातात फोन आला की तिसरं पोर. त्या वर्षीच्या जत्रेच्या आठवड्यात त्याला वाटलं, काकावर अन्याय होतोय, काका काय चीज आहे हे लोकांना कळायला हवं. कुठल्यातरी ग्रुपवर पडलेला एक जुना व्हिडिओ त्याने उकरून काढला. तिसऱ्या अंकातलं मरण, सबंध. खाली लिहिलं, ‘आमच्या शिवदासकाकाचे मरण. सर्वांनी पाहावे. गाव पाठीशी आहे.’ आणि गोव्यात जेवढे म्हणून ग्रुप आहेत तेवढ्यांवर सोडून दिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी धारगळचे एक लांबचे मेहुणे पांढरी टोपी घालून दुःखाला आले. दार शिवदासनेच उघडलं. दोघेही एकमेकांकडे बघत राहिले. शेवटी शिवदास म्हणाला, “भितर या. च्या घेवया.” मेहुण्यांनी टोपी खिशात घातली आणि कशाला आलो ते शेवटपर्यंत सांगितलं नाही.

व्हिडिओ फिरत फिरत साहेबांच्या फोनवरही गेला. खात्याच्या उत्तरात तो जोडला गेला. अर्जदार स्वतःला आजारी म्हणवतो, परंतु नुकत्याच झालेल्या जत्रेत तलवारबाजी करून रंगमंचावर कोसळण्याचा अभिनय त्याने केला आहे. कार्यालयातही त्याने हाच अभिनय केल्याचे अधिकाऱ्यांनी समक्ष पाहिले आहे.

गौरवी हे उत्तर घेऊन पेडण्याला आली ती पायऱ्या दोन-दोन करून चढली. प्रज्योत स्वयंपाकघराच्या दाराआड उभा राहिला.

“हा कधीचा आहे?”

“पन्नो आसा,” शिवदास म्हणाला. “आदलो.”

“किती आधीचा? कोणी काढला? मूळ कोणाच्या फोनमध्ये आहे?”

कोणालाच माहीत नव्हतं. प्रज्योत आतून म्हणाला, “अख्खो गाव सांगतलो पन्नो म्हणान.”

“गावाचं कोण ऐकेल?” गौरवी म्हणाली. “साहेब लिहितायत की गावच यांना वन्स मोअर देतो.”

चंद्रावतीने फोन हातात घेतला आणि जनेलापाशी, खिडकीच्या उजेडात, नेला. नवऱ्याला मरताना बघायची तिला सवय होती, पण आता तिला ते बघवेना. तिने तोंड फिरवलं. शिवदास तर बघतच नव्हता. तो नुसता ऐकत होता. सेनापतीचं वाक्य झालं, तलवार वाजली, आणि खाली एक सूर उभा राहिला, लांबलचक, मधेच किंचित थरथरणारा.

“पेटी उल्हासाची,” तो म्हणाला.

तिघा-चौघांनी डोकी फोनवर घातली. कोपऱ्यात, स्टेजच्या खाली, मफलर गुंडाळलेलं एक डोकं होतं. मान खाली, खांदे हलतायत.

“उल्हास कोण?” गौरवीने विचारलं.

“आता नाय तो,” शिवदास म्हणाला.

गौरवी हळूच खाली बसली. “कधी गेले?”

मशीनचा दिवस नव्हता त्या दिवशी शिवदास आणि चंद्रावती आमोण्याला गेले. उल्हासची बायको सुशीला तिथे मुलाकडे राहायची. दुःखाला जाऊन आल्यावर ही दोघं त्या घरी गेली नव्हती. आधी जमलं नाही, मग लाज वाटू लागली, मग आजार. सुशीला ओट्यावर कोकम वाळत घालत होती. तिने दोघांना ओळखलं, आधी शिवदासच्या पायांकडे बघितलं, मग तोंडाकडे.

“शिवदासबाब, बारीक जालास मरे.”

“वहिनी, एका कामाक आयलां.”

“काम नसताना कोण येता?” ती म्हणाली. पण पाट सरकवला.

चंद्रावतीने सगळं सांगितलं. बदली, कोर्ट, व्हिडिओ. उल्हास त्यात पेटीवर दिसतो आणि उल्हास गेला त्याला इतकी वर्षं झाली, म्हणजे व्हिडिओ त्याआधीचा, हे कोर्टाला दाखवायचं. त्यासाठी मृत्यूचा दाखला हवा. बोलता बोलता तिचा आवाज खाली गेला. दुसऱ्याच्या नवऱ्याच्या मरणाचा कागद मागायला आलोय, हे तिला बोलल्यावर जाणवलं.

 कोकमाचे हात पदराला पुसून सुशीलाने फोन मागितला. हा व्हिडिओ तिने कधी पाहिला नव्हता. आमोण्यात तिचा कुठलाच ग्रुप नव्हता.

चित्र सुरू झालं. तिने शिवदासकडे बघितलंच नाही. तिचं लक्ष खालच्या कोपऱ्यात. मफलर बघून म्हणाली, “तो हांवें विणिल्लो.” मग सूर आला. शिवदास पडला, पडून राहिला, सूर काही सुटेना. चंद्रावतीला ऐकू आलं की म्हातारी हसतेय.

“बघ, सोडणा नाय,” सुशीला म्हणाली. “तुका छळता. घराकडेय असोच. जातां म्हणायचो आनी उंबऱ्यार उबो रावन अर्धो दीस उलवायचो.”

व्हिडिओ संपला. शिवदासने फोनसाठी हात पुढे केला. तिने दिला नाही.

“कागद मेळतलो तुमका,” ती म्हणाली. “आदी परत लाव.”

परत लावला. मग आणखी एकदा. अंगणात ऊन सरकत होतं, कोकमाची ताटं तिने एकदाही हलवली नाहीत. शेवटी उठून आत गेली, दाखला घेऊन आली आणि चंद्रावतीच्या हातात देताना म्हणाली, “हो मरणाचो कागद न्हय मगो. तुज्या घोवाक जगवचो आसा.” निघताना तिने मुलाचा फोन नंबर लिहून दिला. व्हिडिओ त्याच्यावर पाठवायचा, नाहीतर दाखला परत, अशी अट घातली.

तारखेला गौरवीने तो दाखला कोर्टापुढे ठेवला आणि पेटीवाल्याकडे बोट दाखवलं. खात्याच्या वकिलाने कागद दोनदा वाचला, मागे बसलेल्या साहेबांकडे वळून बघितलं, आणि या व्हिडिओवर आम्ही भर देत नाही असं सांगितलं. कोर्टाने बदलीला स्थगिती दिली. डॉक्टरांच्या मंडळाकडून अर्जदाराची तपासणी करून घ्या, आजार लक्षात घेऊन नव्याने निर्णय करा, असं खात्याला सांगितलं. डॉक्टरांना तपासायला फार वेळ लागला नाही. बदली रद्द झाली.

त्यानंतर एकदा साहेब शिवदासच्या टेबलाशी येऊन उभे राहिले. टेबलावरची फाइल त्यांनी उगीच सरळ केली. मग म्हणाले, “त्या दिवशी तुम्ही पडलात तेव्हा मला वाटलं...”

“टाळ्यो आयकून कोणाकय तसांच दिसतलां साहेब,” शिवदास म्हणाला. “तुमचो दोस नाय.” मागच्या टेबलावर सुविधा खाली मान घालून काहीतरी खोडत बसली. ती अजूनही त्याच्यासाठी घरून अळणी पोहे आणते. ते अगदी वाईट लागतात आणि तो ते सगळे खातो.

कोर्टातल्या मरणाची गोष्ट मारुतीच्या सलूनात अजून चालते. नव्या गिऱ्हाइकाला ती पहिल्यापासून सांगितली जाते, गिरकी आणि मुलुखासकट. जत्रेला शिवदास कदेल टाकून बसतो तेव्हा आसपासची पोरं त्याच्याकडे बघून कुजबुजतात, आणि तो पाठ थोडी ताठ करतो. एकदा चंद्रावतीने विचारलं, लोकांना खरं का सांगत नाही? तो म्हणाला, “इतकीं वर्सां मेलों, पण पर्वरीक जसो मेलों तसो खंयच मरूक नाय. ती गोष्ट कित्याक मोडूंया?”

खरं ते असं. शिवदास त्या दिवशी कोर्टात नव्हताच. तो मशीनचा दिवस होता. निकाल झाला तेव्हा तो म्हापशाला हातात सुई टोचून घेऊन झोपलेला होता, आणि गौरवीचा फोन बाहेर बाकावर चंद्रावतीने घेतला. पर्वरीचं कोर्ट त्याने आजपर्यंत आतून पाहिलेलं नाही.